सेनापतीचा अर्धा आवाज

सेनापतीचं नाव मी इथे लिहिणार नाही. लिहिलं की फोन येतात, आणि वंशजांपेक्षा जे वंशज नाहीत त्यांचेच जास्त येतात. एवढं सांगतो की हा गृहस्थ दुसऱ्याच्या घोड्यावर साधा स्वार म्हणून लागला, लढता लढता सेनापती झाला, आणि केस पिकल्यावर तलवार खाली ठेवून राजाचा कारभारी म्हणून दरबारात बसला. दरबारी मंडळींनी आधी नाकं मुरडली. हा रांगडा गडी, ह्याला बोलायची रीत कुठली? मग तीच मंडळी त्याचा सल्ला घ्यायला दारात उभी राहायला लागली. मागच्या वर्षी परळला आमच्या मंडळाचा गणपतीतला देखावा ह्या माणसावर होता. सेनापतीचा आवाज माझ्या बाबांचा होता. म्हणजे पुरा असायला हवा होता, पण अर्धाच होता. उरलेला अर्धा कुठे गेला हे सांगायला बसलोय, आणि आत्ताच कान गरम झालेत.

ज्यांनी गिरणगावातले देखावे पाहिले नाहीत त्यांच्यासाठी सांगतो. मंडपात गणपतीच्या बाजूला माणसाएवढे पुतळे असतात. मोटरवर त्यांचे हात आणि माना हलतात, एकेका प्रसंगावर दिवा पडतो आणि मागून रेकॉर्ड केलेला आवाज येतो. पुतळ्याचे ओठ काही हलत नाहीत, त्यामुळे जे काय करायचं ते आवाजाने. आणि एकदा का रेकॉर्डिंग झालं की झालं. विसर्जनापर्यंत तेच वाजत राहतं, संपलं की पुन्हा पहिल्यापासून. चूक असली तर चूकसुद्धा तेवढ्याच वेळा वाजते.

बाबा मिलमध्ये साच्यावर होते, म्हणजे मागावर. तिथल्या खडखडाटात शेजारच्याला 'पाणी दे' म्हणायचं तरी बेंबीच्या देठापासून ओरडावं लागायचं. मिल गेली, चिमणी गेली, तिथे काचेचा टॉवर आला, पण बाबांच्या आवाजाला कोणी हे कळवलं नाही. आई सांगते, लग्नानंतर वर्षभर तिला वाटायचं की हा माणूस आपल्यावर कशावरून तरी चिडलाय. मंडळाचे जेवढे म्हणून सेनापती, सरदार आणि राक्षस झाले ते सगळे बाबांनी बोलले. कागदावरचं वाक्य पुस्तकी असायचं, पण हेल अस्सल मालवणी. वाक्य संपता संपता वर चढायचं आणि मग हळूच खाली बसायचं. आमच्या चाळीत कोणाला त्यात काही वेगळं वाटायचं नाही, कारण सगळे तसेच बोलत.

मला वाटायचं. मी शाळेला दादरला होतो. सातवीत वक्तृत्व स्पर्धेला उभा राहिलो, ह्याच सेनापतीवर भाषण ठोकायला, आणि दुसऱ्याच वाक्याला वर्ग फिस्सकन हसला. बाईसुद्धा हसल्या, तोंडावर पदर धरून. त्या दिवसापासून मी तो हेल जिभेवरून घासून घासून काढला. आरशासमोर, रेडिओसमोर, संडासच्या रांगेत उभा असताना मनातल्या मनात. इतका काढला की पुढे माझं पोटच आवाजावर चालायला लागलं. जाहिराती, माहितीपट, कंपन्यांच्या सूचना. तुम्ही एखाद्या बँकेला फोन केला असेल आणि कोणी गोड आवाजात तुम्हाला थांबवून ठेवलं असेल, तर शिव्या मलाच घातल्यात तुम्ही. आता मी दादरलाच राहतो. परळ चालत जाण्याच्या अंतरावर आहे, तरी मी परळला 'गेलो' असं म्हणतो, 'घरी गेलो' असं म्हणत नाही.

मागच्या उन्हाळ्यात बाबांचा आवाज घोगरा व्हायला लागला. आधी खडीसाखर, मग काढे, मग परळचंच हॉस्पिटल. डॉक्टरांनी समोर बसवून स्वच्छ सांगितलं, की गाठ स्वरयंत्रावर आहे, स्वरयंत्र काढावं लागेल. जीव वाचेल, पण आवाज राहणार नाही. मी खिडकीबाहेर बघत होतो. बाबांनी विचारलं, "गणपती होयसर थांबूक जमात?"

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. मी शुद्ध मराठीत भाषांतर केलं, गणपती होईपर्यंत थांबता येईल का? खरं म्हणजे डॉक्टर सिंधुदुर्गातलेच होते, त्यांना माझ्या मदतीची काही गरज नव्हती. ते म्हणाले, तपासण्या आणि तारीख मिळेपर्यंत तेवढे दिवस तसेही जातील, पण त्यापुढे एक दिवस नाही.

हॉस्पिटलच्या बाहेर आल्यावर बाबा म्हणाले, "अध्यक्षाक सांग, ह्या वर्षी माझा आधी रेकॉर्ड करा. पुरो सेनापती मियाच बोलतलंय. घोड्यार चढल्यापासून दरबारात बसापर्यंत."

म्हणजे मला सगळं माहीत होतं. हे मुद्दाम सांगतोय, कारण नंतर मी स्वतःला बऱ्याच वेळा 'आपल्याला कुठे कल्पना होती' असं सांगायचा प्रयत्न केला. पूर्ण कल्पना होती.

रेकॉर्डिंग लालबागला माझ्या एका मित्राच्या छोट्या स्टुडिओत होतं. देखाव्याची संहिताही मीच लिहिली होती. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून आले, केसांना तेल, जणू फोटोच काढायचाय. लढाईचा भाग त्यांनी असा काही बोलला की मित्राला काचेपलीकडे आवाज कमी करावा लागला. मग दरबार. प्रसंग असा की तरण्या राजाला ऐन पेरणीच्या तोंडावर स्वारी काढायची आहे, आणि म्हातारा सेनापती, आता कारभारी, त्याला अडवतो. मी लिहिलं होतं, "महाराज, चढाईचा हुकूम द्यायला एक शब्द पुरतो. त्या शब्दाने किती घरं उघडी पडली ते बघायला दारोदार जावं लागतं. मी गेलो आहे, महाराज."

बाबांनी ते अगदी खालच्या पट्टीत बोललं. घसा घोगरा, मध्ये श्वास, आणि 'मी गेलो आहे' ह्याच्यावर तो हेल, वर चढून खाली बसलेला. मित्राने कानावरचे हेडफोन काढून हातात धरले. आणि मी? मला फक्त हेल ऐकू आला. आणि त्याच्यामागे सातवीच्या वर्गाचं हसू.

त्या वर्षी आम्ही देखाव्यांच्या एका स्पर्धेत नाव दिलं होतं. परीक्षकांत माझ्या क्षेत्रातले एक ज्येष्ठ होते, ज्यांच्याकडून मी उच्चार शिकलो. ते मंडपात उभे राहणार, आणि राजाचा कारभारी मासळीबाजारात भाव केल्यासारखा बोलणार! हो, हेच शब्द माझ्या मनात आले. स्वतःच्या बापाबद्दल.

बाबा घरी गेल्यावर मी मित्राला म्हटलं, "आवाज बसलाय रे त्यांचा. दरबार मी बोलतो."

"काय बोलतोस! काका कसले बोललेत. राहू दे ना."

"लढाई राहू दे. दरबाराला जरा... दरबार वाटला पाहिजे."

तो माझ्याकडे बघत राहिला. तोही लालबागचाच, त्याला कळायचं ते कळलं. मी दरबार बोललो, एका दमात, एकही चूक नाही. मग त्याने विचारलं, "काकांचं ठेवू ना बाजूला?"

"कशाला? मंडळातल्या कोणी चुकून लावलं म्हणजे? उडव."

त्याने उडवलं. त्याच रात्री मी बाबांना सांगणार होतो. दुसऱ्या दिवशी सांगणार होतो. मग गणपतीच्या गडबडीत राहिलं असं म्हणतो, पण ते खोटं आहे. माझी हिंमत झाली नाही.

पहिल्या दिवशी आरतीनंतर देखावा सुरू झाला. बाबांना अध्यक्षांनी पुढे खुर्ची दिली होती. आई घरच्या गणपतीपाशी होती, तिचे गुडघे तिला जिने उतरू देत नाहीत. लढाईला मंडप कसा चिडीचूप! बाबांचा पुतळा, म्हणजे सेनापतीचा, हात वर करायचा आणि तो आवाज यायचा, की मागून पोरांच्या शिट्ट्या. बाबा खुर्चीच्या हातावर बोटांनी ताल धरत होते. मग अंधार झाला आणि दरबारावर दिवा पडला. पांढऱ्या मिशांचा कारभारी मान हलवून बोलायला लागला, आणि आवाज माझा.

बाबांची बोटं थांबली.

तेवढ्यात रांगेतून कोणी तरी म्हणालं, "अरे, हा तर बँकेचा फोनवाला!" आणि एक पोरगी लगेच किंचाळली, "मराठीसाठी एक दाबा!" अख्खा मंडप खो खो हसला. राजा हात जोडून उभा, कारभारी घरं उघडी पडल्याचं सांगतोय, आणि लोकांची हसून मुरकुंडी. मला धरणीने पोटात घेतलं असतं तर बरं झालं असतं. पण परळची धरणी, खाली टॉवरवाल्यांनी आधीच पोखरलेली.

बाबांनी मागे वळून माझ्याकडे पाहिलं. ते हसले नाहीत. मी गणपतीच्या पायाकडे बघत राहिलो, भक्त असल्यासारखा. प्रसंग संपल्यावर ते उठून माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "बरा केलंस. कारभारी तुझ्यासारखोच बोलतलो. आमका दरबार काय जमाचो नाय."

मी त्यात टोमणा शोधला. देवाशपथ शोधला. टोमणा असता तर मी चिडलो असतो, आवाज चढवला असता, आमच्या घरी भांडणं अशीच मिटतात. पण टोमणा नव्हताच. त्यांना ते खरंच पटलं होतं, आणि ते बघून मला पहिल्यांदा स्वतःची शिसारी आली.

घरी आईने विचारलं, कसा झाला देखावा? तर बाबा म्हणाले, "झकास झालो. झीलाचो पण आवाज आसा त्यात." झील म्हणजे मुलगा.

पुढचे सगळे दिवस ते मंडपात जाऊन बसायचे. सकाळी चहा घेऊन जायचे ते जेवायलाच वर. मला वाटलं, स्वतःचा आवाज ऐकून घेतायत, ऐकू देत. मी मात्र मंडपात पाऊल ठेवलं की चाळीतली कार्टी ओरडायची, "कृपया प्रतीक्षा करा!" परीक्षक आले त्या दिवशी ते ज्येष्ठही आले. पाया पडलो. त्यांनी विचारलं, "दरबारात आवाज का बदललास?"

"बाबांचा आवाज बसला होता, सर."

"मग बसलेलाच हवा होता की. सेनापती म्हातारा झालाय ना तिथे?"

मी 'हो सर' म्हटलं. आणखी काय म्हणणार? आम्हाला बक्षीस काही मिळालं नाही, आणि कोणी त्याचं कारणही विचारलं नाही.

विसर्जन झालं. बाबांना दाखल करायला आठवडाही उरला नव्हता, तेव्हा आई सहज म्हणाली, "तेंचो आवाज कायतरी करून ठेव रे. मागीर ऐकूक येवचो नाय." मी 'आहे गं' म्हटलं आणि लढाई सोडून आणखी काही मिळतं का ते शोधायला लागलो. मंडळाच्या जुन्या कॅसेटी ऑफिस हलवताना भंगारात गेल्या होत्या. घरातल्या लग्नांचे व्हिडिओ काढले, तर प्रत्येकात बँड वाजतोय आणि बाबा पाठमोरे. एकात कॅमेऱ्याकडे बघून म्हणतात, 'जेवलास?' तेवढंच. स्टुडिओवाल्या मित्राला फोन केला. तो म्हणाला, "मी विचारलं होतं तुला." मी फोन ठेवला आणि बाथरूममध्ये नळ सोडून रडलो. बायकोने दार वाजवलं तर म्हटलं, डोळ्यात साबण गेला.

रविवारी दुपारी मी माझा चांगला माइक घेऊन परळला गेलो. आई आत आडवी झाली होती. बाबा खिडकीपाशी बसले होते. मी आधीपासून ठरवून गेलो होतो की आज आडपडदा नाही. म्हटलं, "बाबा, तुमचा दरबार मी उडवला. आवाज बसला होता म्हणून नाही. मला तुमच्या बोलण्याची लाज वाटली."

"माका म्हायत आसा," बाबा म्हणाले. आवाज म्हणजे आता नुसती खरखर राहिली होती. "तुका शाळेपासून वाटता."

मी बाहीने डोळे पुसले.

"अरे, रडतंस कित्याक? माझ्यासारखा बोलाचा नाय म्हणानच तुका दादरच्या शाळेत घातलंय. नायतर हयसर काय शाळा नाय होती?"

हे मला माहीत नव्हतं. मला आयुष्यभर वाटत आलं होतं की ती लाज माझी एकट्याची, मी ती चोरून बाळगतोय. मी माइक त्यांच्यासमोर ठेवला. म्हटलं, "बाबा, दरबाराचं बोला. जसं आठवेल तसं. मला हवंय."

ते खुर्चीत सरळ झाले. शर्टाचं वरचं बटण लावलं, घसा खाकरला आणि बोलायला लागले. "महाराज, चढाईचा हुकूम द्यायला एक शब्द पुरतो."

ते माझ्यासारखं बोलत होते. सही सही माझ्यासारखं. मी जिथे थांबलो होतो तिथे थांबत होते, मी ज्या शब्दावर जोर दिला होता त्याच शब्दावर देत होते. हेल कुठेच नव्हता. एकेक शब्द धुऊन, इस्त्री करून समोर मांडल्यासारखा. मी हात पुढे केला, "बाबा, असं नको, तुमचं..." पण त्यांनी बोलता बोलताच हात वर करून मला थांबवलं. रेकॉर्डिंग चालू असताना मध्ये बोलायचं नसतं, हे त्यांना एवढ्या वर्षांत पक्कं माहीत होतं. "मी गेलो आहे, महाराज," म्हणून ते थांबले. वाक्य सपाट संपलं.

मग पाणी प्यायले. गिळताना डोळे मिटले. आणि माझ्याकडे बघून, अगदी पोरासारखे खूश होऊन म्हणाले, "जमला मां? मंडपात बसान बसान शिकलंय."

म्हणजे ते स्वतःचा आवाज ऐकायला बसत नव्हते.

"जमलं बाबा," मी म्हणालो. "एकदम दरबारी."

पुन्हा बोला, तुमच्यासारखं बोला, हे मी कोणत्या तोंडाने सांगणार होतो? आणि घशात पुन्हा बोलण्याएवढं काही उरलंही नव्हतं. दोन दिवसांनी ते दाखल झाले.

ऑपरेशन चांगलं झालं. आता ते हाताने, डोळ्यांनी बोलतात. अडलं तर पाटीवर लिहितात, आणि आई चिडली तर पाटी पुसून टाकतात. दिवाळीनंतर एका दुपारी मी गेलो होतो, आई लसूण सोलत होती, बाबा समोर खुर्चीत, गळ्याभोवती पांढरी पट्टी. आई म्हणाली, "माका तेंचो आवाज ऐकव रे. ठेवलंस ना?"

मी फोनवर लढाई लावली. तिने थोडी ऐकली आणि मान हलवली. "ह्या आरडणा नको. ता आयुष्यभर ऐकलंय. बोलणा लाव."

बोलणं एकच होतं. मी लावलं. आईने लसणाचे हात पदराला पुसले, फोन कानाशी धरला आणि डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं. मग फोन खाली घेऊन माझ्याकडे बघत राहिली.

"हो कोण रे?" तिने विचारलं.

बाबांनी हात वर करून आईचं लक्ष वेधलं, हसले, आणि पुढे वाकून माझ्या छातीवर बोट ठेवलं.